पुसू नये

आई, तुला जाऊन वीस वर्षं झाली, पण माझा राग काही गेलेला नाही. कसला, ते तुला ठाऊक आहे.

गेल्या महिन्यात साताऱ्याच्या एका कॉलेजातून फोन आला. टीव्हीच्या बातम्यांसाठी सुरुवातीला बाहेर पडलेल्या बायकांवर ते काहीतरी करतायत. "मॅडम, तुमची एखादी जुनी बातमी मिळेल का?" कुठून देऊ? ऑफिसात टेपा कमी, जुन्यावरच नवं भरायची रीत. पुढाऱ्यांची भाषणं राहिली, आमचं पुसलं गेलं. आधी तर मला बाहेरच सोडत नव्हते. "बाई, तुम्ही इथल्या फुलांच्या प्रदर्शनाची बातमी करा," म्हणायचे मेले. कोयनानगरला धक्के बसले तेव्हा दुसरं कुणी हाताशी नव्हतं, म्हणून मला पाठवलं. कॉलनीतल्या बायका घराबाहेर चुली मांडून बसलेल्या, आणि मी माइक धरून उभी. बोलता बोलता पायाखालची जमीन हलली. मी थांबले, आणि पुढचं वाक्य बोलले. त्यानंतर फुलांचं नाव माझ्यापुढे कुणी काढलं नाही.

ती बातमी कोरेगावात शेजारच्या मास्तरांनी त्यांच्या व्हीसीआरवर उतरवून घेतली होती. कॅसेटवर मी मोठ्या अक्षरात लिहिलं, 'पुसू नये', आणि तुझ्या ट्रंकेत ठेवली. तू सातवी शिकलेली, रोज पोथी वाचणारी. तरी दादाच्या लग्नात व्हिडिओवाल्याला कॅसेट कमी पडली, तेव्हा तीच काढून दिलीस. "रिकामीच हाय, भर हिच्यात."

मी ड्युटीमुळे लग्नाला आले नव्हते. आठवड्याने आले, कळलं, रडले. तू चपात्या लाटतेयस, मान वर करत नाहीस. "सख्ख्या भावावर अक्षता टाकायला सवड न्हाई तुला. त्या बातमीचं काय लोणचं घालायचं हाय?" त्यानंतर तुझ्या हातचं जेवले, पण तुझ्याशी मोकळं कधी बोलले नाही. लग्नाची कॅसेटही हट्टाने पाहिली नाही.

गेल्या आठवड्यात दादाच्या मुलीने ती सांगलीतून मोबाइलवर उतरवून आणली. "आत्या, आजी बघ."

मांडवामागे आचाऱ्याची चूल, तू हिरव्या लुगड्यात. व्हिडिओवाला म्हणतो, "आवं काकी, बोला की कायतरी." तू पदर सावरतेस, हातातला पळा तोंडासमोर धरतेस आणि सुरू करतेस, "मी आत्ता कोयनानगरला उभी आहे..." माझी बातमी! माझ्या त्या शुद्ध भाषेत, शब्द न् शब्द. जमीन हलली तिथे तूही थांबतेस, तेवढाच वेळ. बायका फिदीफिदी हसतायत. तू हसत नाहीस. चेष्टा होती की काय होतं, तुझ्या तोंडावरून काही कळत नाही.

इतकं पाठ व्हायला ती कॅसेट घेऊन मास्तरांकडे किती वेळा जाऊन बसली असशील गं? आणि एवढं पाठ असताना पुसलीस! चुकून झालं असतं तर मी कधीच सोडून दिलं असतं.

कॉलेजला मी कळवलं, काही उरलेलं नाही. हे पत्रही त्या कॅसेटबरोबर ट्रंकेतच जाईल. राग आहे तसाच आहे, त्यात बदल नाही. फक्त एवढंच, की रोज सकाळी मोबाइलवर बघत मी तुझ्या त्या थांबण्यापर्यंत येते, आणि तू पुढचं वाक्य बोलेपर्यंत माझा जीव खालीवर होतो.