तेवीस सायकली, बारा रिक्षा

नाही अप्पा, मी नक्कल केली नव्हती. आठ वर्षं झाली, फोनवर हा विषय निघाला की तुम्ही "झालं गेलं, सोड की रे" म्हणता. मी सोडत नाही. आता सहीनिशी लिहून देतो.

मी, प्रशिक यल्लाप्पा मेत्री, वय बावीस, आठवी पास, राहणार हुबळी, सध्या गुजरातेत कारखान्याच्या चिमणीला परांची बांधतो. आज प्यालेलो नाही, अंगात ताप नाही, कुणी धाक घातलेला नाही. गेल्या आठवड्यात विम्याच्या फॉर्मवर वारसाचं नाव विचारलं, तेव्हा कळलं की मी पडून मेलो तर माझे चार लाख येतात. म्हणून हे मृत्युपत्र.

१. ते चार लाख माझी बहीण दीक्षा हिचे. ती चौदाची आहे, म्हणून अठराची होईपर्यंत आई नागुबाई सांभाळेल. अप्पांनी हात लावायचा नाही.

२. घर अप्पांचं आहे, मान्य. पण वरचे अकरा पत्रे माझ्या पगारातले. तेही दीक्षाचे. तिची शाळा बंद केलीत तर तिनं पत्रे उतरवून न्यावेत आणि अप्पांनी आभाळ बघत झोपावं.

३. माझा नट आवळायचा पान्हा खोलीतल्या सदाशिवला. वर्षभर तो मागून नेतो आणि परत देत नाही. आता मागणाराच नसेल.

४. गणिताच्या सरांना माझं उत्तर. त्यांनी विचारलं होतं: सायकली आणि रिक्षा मिळून पस्तीस, चाकं ब्याऐंशी, तर कोण किती? अप्पा, मी तुमच्या देशपांडे नगरच्या रिक्षा स्टँडवर वाढलो. मनातल्या मनात प्रत्येक रिक्षाचं पुढचं चाक काढून बाजूला ठेवलं. मग सगळ्यांना दोन-दोनच चाकं राहिली, म्हणजे सत्तर. ब्याऐंशीतली बारा उरली, ती काढून ठेवलेली. रिक्षा बारा, सायकली तेवीस. सर म्हणाले, "एक्स कुठाय? वाय कुठाय? कुणाचं बघून लिहिलास?" तुम्हाला बोलावलं. तुम्ही खाकी शर्टातच आलात आणि हात जोडलेत, "चुकलं सर, पोरानं नक्कल केली." मला विचारलंसुद्धा नाही. दुसऱ्या दिवसापासून मी शाळेत गेलो नाही. सरांचा राग आहेच, पण तुमचा जास्त आहे.

५. मंगळवारी दीक्षाचा फोन आला. तसलंच गणित, मी शिकवलेल्या रीतीनं केलेलं, उत्तर बरोबर, मार्क शून्य, वर नक्कल केल्याचा ठपका. रडत नव्हती.

"अण्णा, अप्पा म्हणालेत, शाळा बास. विद्यानगरला कपड्याच्या दुकानात लावतो."

"तू काय म्हणालीस?"

"मी सरांना म्हटलं, फळ्यावर करून दाखवते. खडूच देईनात."

या कलमासाठी मी मरायची वाट बघणार नाही, ते आजपासून लागू. अप्पा, सोमवारी शाळेत जायचं. हात जोडायचे नाहीत. म्हणायचं, "पोरीला खडू द्या, मी इथंच बसतो." तीस वर्षं रिक्षा चालवताय, तिला किती चाकं असतात ते सरांनी तुम्हाला शिकवायला नको. ती करून दाखवेपर्यंत उठायचं नाही.

गेला नाहीत, तर माझ्या मातीला येऊ नका. हे रागात लिहिलेलं नाही, तीनदा वाचून ठेवलंय.

पान्हा सदाशिवला मिळणार, म्हणून त्याची साक्ष चालत नाही, असं कृष्णाचं म्हणणं. तो फुगून बसलाय.

साक्षीदार: कृष्णा (सही), श्रीकांत (अंगठा, हाताला पट्टी आहे म्हणून)

लिहून देणार: प्रशिक यल्लाप्पा मेत्री (सही)

ठिकाण: कामगारांच्या खोल्या, खोली नऊ, गुजरात
तारीख: २३ ऑगस्ट २०२५

ता. क. आईच्या खात्यावर पैसे पाठवतोय. दीक्षाची फी, बसचा पास, आणि दसऱ्याला घरी यायला बाजूला ठेवलेले तिकिटाचेही त्यातच घातलेत, मी येत नाही. सगळे मिळून रुपये अकरा हजार आठशे.