टिल्लूचा शर्ट

ता. ९, सोमवार, दुपार

प्रिय टिल्लू,

पाकीट उलटसुलट करून पाहिलं असशील, चुकून आलं की काय म्हणून. चुकून नाही. अक्षर माझंच आहे, फक्त हल्ली जरा लंगडतं. तू आणि घरची मंडळी खुशाल असाल असं धरून चालतो. विचारायचं तोंड मी ठेवलेलं नाही, ते मला ठाऊक आहे.

इकडे ठीक. तुझ्या वहिनीचे गुडघे कुरकुरतात आणि ती माझ्यावर. कारखान्यात काजं करायची नवी मशीनं आली. ती इतकी गुपचूप चालतात की मला सारखं वाटतं काम बंद पडलंय. कटिंगमास्तर निवृत्त झाले, तरी दर सोमवारी येऊन सगळ्यांच्या कात्र्यांना नावं ठेवून जातात.

मोठी बातमी म्हणजे येत्या एक तारखेपासून माझी खुर्ची पोरगी घेणार. तू गेलास तेव्हा ती ताग्यांवर चढून बसायची. आता नुसता हात फिरवून कापड ओळखते. बाबा असते तर 'ठीक आहे' म्हणाले असते. म्हणजे किती खूश, ते तुला माहीतच आहे.

बाबांचा नियमही चालू आहे. नवा तागा आधी रात्रभर पाण्यात, मग वाळवायचा, मगच कात्री. आणि कटिंगच्या भिंतीवर तो शर्ट अजून आहे.

तुझी पाठ आता कशी आहे? वजन उचलत नाहीस ना?

बरं, किती टाळू. गेल्या आठवड्यात नवीन मुलींची तुकडी आली. पोरगी त्यांना कारखाना दाखवत होती, मी चहाचा कप घेऊन मागे उभा होतो. भिंतीपाशी थांबून ती म्हणाली, "हा टिल्लूचा शर्ट. आमच्या काकांनी घाईत कापड न भिजवताच कापलं. गिऱ्हाइकांनी एकदा धुतला आणि बाह्या मनगटाच्या चार बोटं वर. सगळा माल परत आला. तेव्हा इथं कुणी टिल्लूपणा करायचा नाही." मुली हसल्या. हे वाक्य तिला मीच शिकवलंय. आजवर प्रत्येक नव्या माणसाला मी ते असंच हसत ऐकवत आलो. त्या दिवशी तिच्या तोंडून ऐकलं आणि कप तसाच भरलेला खाली ठेवला.

केबिनमध्ये बोलावून तिला सगळं सांगितलं. माल वेळेवर पाठवायचा शब्द मी देऊन बसलो होतो. तू म्हणालास, "दादा, भिजवल्याशिवाय मी कात्री लावणार नाही. लावायचीच असेल तर लिहून दे." मी चिडून चिठ्ठी लिहिली, खाली सही ठोकली. पुढे माल परत आल्यावर बाबांनी आपल्याला कटिंगच्या टेबलाशी उभं करून विचारलं, "कापायला कुणी सांगितलं?" तू माझ्याकडे पाहिलंस. मी कात्रीकडे पाहत राहिलो. तू बराच वेळ थांबलास, टिल्लू. मला पुरेसा वेळ दिलास. मग म्हणालास, "माझं चुकलं."

पोरगी म्हणाली, "आणि ती चिठ्ठी?"

"तुझ्या काकाच्या खिशात होती."

"बावीस वर्षं त्यांनी ती कुणालाच दाखवली नाही?"

मी मान हलवली. पहिली काही वर्षं मी टपालवाल्याला घाबरायचो, हे तिला सांगितलं नाही. तुला सांगतोय.

ती उठून दारापर्यंत गेली. मग म्हणाली, "तो शर्ट उतरल्याशिवाय मी त्या खुर्चीत बसणार नाही. आणि तो मी उतरवणार नाही."

आज सकाळी मशीनं सुरू व्हायच्या आधी सगळ्यांना कटिंगमध्ये बोलावलं. स्टुलावर मीच चढलो. शर्ट काढला आणि हे सगळं सांगितलं. मध्ये आवाज बसला, तर पोरीने पाणी दिलं, पण माझ्या वतीने बोलली नाही. मास्तर कोपऱ्यात उभे होते. जाताना म्हणाले, "बरं वाटलं. पण धाकट्याला कळवलंत का?" म्हणून जेवायच्या आधी हे लिहायला बसलो.

माफी मागतो. बाबांसमोर मागायला हवी होती, ते आता जमायचं नाही. त्यांनी अखेरपर्यंत तुझ्यावर राग धरला आणि मी धरू दिला. याचं ओझं शर्ट उतरवून उतरलेलं नाही.

खिळा मात्र भिंतीवर तसाच ठेवलाय. पोरगी म्हणते, तिथे चिठ्ठी लावायची, माझ्या सहीसकट. नव्या मुलींना ती दाखवायची. एक तारखेला सकाळी ये. ती तुझ्या हातानेच लागू दे. यावंसं वाटलं नाही तर टपालाने पाठव. आणि कधीच फाडून टाकली असलीस, तर पुन्हा लिहून देतो:

कापड भिजवू नका. तसंच कापायला घ्या. जबाबदारी माझी.

सही,
तुझा दादा