मारबतीने नेलेला नकार

१५ ऑगस्ट २०१२, बुधवार

ज्याच्या कृपेवाचून अक्षर उमटत नाही, त्या नारायणास वंदन करून आजचा राग लिहितो.

नात योगेश्वरीला संशोधनासाठी नागपूरला जायचे आहे. विषय — भयकथांतील राक्षसांचा सांस्कृतिक अर्थ! देवादिकांची चरित्रे सोडून राक्षस? नाही म्हटले. अर्जाची मुदत मंगळवारपर्यंत.

"आबाजी, राक्षस कसा मारला थे समदेच सांगतात. लोकायले थो लागते काऊन, थे कोनी पुसत नाही."

राक्षस लोकांना लागतो कशाला — प्रश्न उत्तम होता. म्हणूनच अधिक राग आला.

१६ ऑगस्ट

वरण अळणी. सौ. सुशिलाबाईने ताट जरा जोरातच ठेवले.

१७ ऑगस्ट, पोळा

बैलांची पूजा झाली. दारी पळसाची डहाळी रोवली. उद्या मारबत निघायची — शिवेवर नेऊन जाळायचा गवताचा पुतळा, पूतनाच ती — म्हणून योगेश्वरीने सहज विचारले, पूतना एवढे सुंदर रूप घेऊन का आली? मी भागवत उघडले. म्हटले, तान्ही मुले ज्या रोगांनी जात त्यांना नाव नव्हते. निनावी भयाला घराबाहेर कसे काढावे? म्हणून त्याला चेहरा दिला, नाव दिले; ते नकळत घरात शिरते, म्हणून चेहरा सुंदर. तासभर बोललो. ती भराभर लिहून घेत होती.

जेवताना ध्यानात आले — मनाई केलेला विषय मीच शिकवून बसलो! नकार मात्र कायम ठेवला.

१८ ऑगस्ट

भल्या सकाळी मारबतीमागून सारे गाव शिवेकडे. रीत अशी — एकाने पीडा पुकारावी, ती घेऊन जाण्यास सर्वांनी मारबतीला सांगावे. रामलालने बिरसी विमानतळाच्या विमानांना बिचकणाऱ्या म्हशीचे बिचकणे दिले. हिरालालने लोडशेडिंग दिले. "जवायाचा मुक्काम!" — ही शेजारची लीलाबाई, आणि जावई शेजारीच उभा! प्रत्येक वेळी आम्ही — "घेऊन जाय गे मारबत!" सर्वांत मोठा आवाज माझा. रंगात आलो होतो.

तेवढ्यात सुशिलाबाई कडाडली, "आमच्या बुढ्याचं 'नाही'!"

"घेऊन जाय गे मारबत!" — मी ओरडलो. सवयीने. खणखणीत!

गाव हसून हसून खाली बसले. रामलाल म्हणाला, "आता का करता जी गुरुजी? शिवेबाहेरचं घरी नेता का?"

शिवेवर टाकलेले परत आणू नये, मागे वळूनही पाहू नये — हा नियम दरवर्षी मीच सांगतो. मारबत पेटली. मलाही हसू आवरेना. वळून पाहिले नाही.

२१ ऑगस्ट

नागपूरला अर्ज देऊन दोघे परतलो. गोंदियाच्या फलाटावर उतरताना विचारले, पहिला राक्षस कोणता घेणार? वाटले, पूतना म्हणेल.

"तुमी," म्हणाली. "मले ज्याचा लहानपनापासून भेव वाटे, थो."

भेव! इतकी वर्षे मी त्याला आदर समजत होतो.

लिही म्हटले. काही वगळू नकोस.

हे पान ज्याच्या हाती येईल त्याच्या घरी लेकरे न भिता प्रश्न विचारोत. सर्वांचे मंगल असो.