सईच्या जहाजातलं दार

भैंसा गाव. मंगळवार, दिवेलागण.

जहाजावर नोकरीला लागलेल्या आमच्या सईचा दुपारी फोन आला. जहाजाच्या पोटात आडव्या लोखंडी भिंती असतात म्हणे. सगळ्यात पुढची टक्कर झेलते, इंजिनाजवळची आग अडवते, बाकीच्या पाणी अडवतात. एक कप्पा भरला तरी त्याचं दार लावून घेतलं की जहाज तरते. तिचे बाबा कापसाच्या जिनिंगमधले, ते लगेच म्हणाले, "आमी आगीपायी कापसाच्या गंज्या दूर दूर ठेवतो, तसंच हे!"

मी मात्र त्या दारापाशीच अडकली. विचारलं, "अन् आत कोनी राह्यलं त?"

"आधी भोंगा वाजते, आई."

"तूच आत असली अन् तुला ऐकूच नाही आला त?"

"आई, दार लावायची ड्यूटीच माझी आहे."

हे माझ्या मनातही आलं नव्हतं. दिवेलागणीला दार लोटलं की याच पोरीवर मी किती चिडायची! लक्ष्मी बाहेरच राहील म्हणायची.

आताच दिवा लावला. दार सताड उघडं आहे. हात जोडले, पण मागू काय? वेळ आलीच तर दार लावताना तिचा हात थांबू नये म्हणू, का थांबावा म्हणू?