विहिरीचा प्रसंग

११ जानेवारी १९७९

कोल्हापूरहून परत. सात दिवस बसून होतो, तीन शॉट झाले. फौजदाराचं काम. "साहेब, पंचनामा झाला," एवढं एक वाक्य होतं. तेही शेवटच्या दिवशी नायकाच्या मित्राला दिलं, मी कॅमेऱ्याकडे पाठ करून उभा. बावीस चित्रपट झाले, वय त्रेचाळीस. येताना एस.टी.त ठरवलं, बास. आता दुसऱ्याच्या पिक्चरमध्ये उभं राहायचं नाही. स्वतः काढायचा.

मालतीला सांगितलं. ती शाळेच्या वह्या तपासत होती. मान वर न करता म्हणाली, "तुम्हाला कुणी काम देत नाही, म्हणून तुम्ही मालक होणार का?"

खरं असावं.

२८ जानेवारी

यशवंत गांगुर्डेने त्याची गोष्ट वाचून दाखवली. पोस्टात कारकून आहे, पण पंधरा वर्षं आमच्या नाटकमंडळीत प्रॉम्प्टर. माझी किती वाक्यं त्याने विंगेतून सांभाळली असतील, देव जाणे. तो लिहितो हे मला ठाऊक नव्हतं. मी कधी विचारलंच नाही.

गोष्ट त्याच्या आईची, भागाबाईंची. इगतपुरीच्या पलीकडचं गाव. बौद्ध दीक्षेच्या आधीचे दिवस. गावच्या विहिरीला यांच्या वस्तीने शिवायचं नाही. बायकांनी घागरी घेऊन खाली थांबायचं, वरून कुणी ओतलं तर घ्यायचं. एका उन्हाळ्यात घरी मुलगी तापाने फणफणलेली, सकाळपासून कुणी ओतायला तयार नाही. भागाबाई सरळ वर चढल्या, पोहरा सोडला, पाणी काढलं. मग बाकीच्या चढल्या. दुसऱ्या दिवसापासून गावात त्यांना कुणी कामावर बोलावलं नाही. भाताच्या आवणीलासुद्धा नाही. तीन घरं चालत नाशिकला आली.

वाचताना यशवंतने एकदाही आवाज चढवला नाही. मी म्हणालो, "हाच पिक्चर." तो म्हणाला, "आईला विचारतो, मधूभाऊ."

४ फेब्रुवारी

यशवंतच्या घरी, कॉलनीत. भागाबाई पासष्टीच्या, ताठ. गोष्टीत त्या पोहरा सोडताना थरथरतात. मी ते विचारलं तर म्हणाल्या, "थरथरायचं कशाला? लय राग आला व्हता." यशवंत हसला, म्हणाला, ते मी घातलंय.

कुसुमताई त्यांचं काम करतील असं सांगितलं. आमच्या मंडळीतली सगळ्यात कसलेली नटी. भागाबाईंनी विचारलं, "तिला पानी शेंदता येतं का? रहाट नव्हता तिथं." मी म्हणालो, शिकेल.

निघताना हात जोडून म्हणालो, "आई, जसं घडलं तसंच दाखवीन." कुणी मागितलं नव्हतं हे वचन. मीच दिलं.

१९ मार्च

लेटरहेडं छापून आली. नावापुढे "निर्माता". संध्याकाळी वाचनालयात गेलो तर दोघं उठून उभे राहिले. आवडलं. लिहून ठेवतो, आवडलं.

तरुण नट घरी यायला लागलेत. काल एकाला "बघू" म्हणालो. वीस वर्षं जो शब्द ऐकून मी माघारी फिरलो, तो किती सहज बाहेर पडला.

७ एप्रिल

देवळ्याला गेलो. आबा. कांद्याचे व्यापारी, शिवाय यात्रांमधून त्यांच्या तंबू टॉकीज लागतात. मुंबईत तीन दारं वाजवून झाली होती, हे चौथं. आडत दुकानात नोकरांचा कलकलाट. मुनिमाला अहिराणीत म्हणाले, "पाव्हनास्ले चहा लई ये." मग गोष्ट ऐकली, डोळे मिटून, मध्ये न बोलता. डोळ्यात पाणी आलं त्यांच्या. खोटं नव्हतं.

मग म्हणाले, "मधुकरराव, माझे तंबू खेड्यात लागतात. खेड्यातला माणूस तिकीट काढून स्वतःला शिव्या खायला येईल का? एक करा. पाटलाचा मुलगा शिकून गावी आलेला दाखवा. तो पाणी काढतो, बायांना वाढतो. बाई तीच राहू द्या, फक्त जातीचा उच्चार नको. एवढं झालं तर सगळा पिक्चर माझ्या अंगावर."

मी म्हणू शकलो असतो, विचार करून कळवतो. चहा संपायच्या आत हो म्हणालो.

८ एप्रिल

परतीच्या गाडीत मनाशी जुळवत होतो. निदान विहीर तरी राहतेय. लोक निदान विहीर तरी बघतील. मालतीला हेच सांगितलं. ती म्हणाली, "यशवंतला कधी सांगणार?"

उद्या.

२ मे

पटकथा मीच बदलली. आठ दिवस लागले. पाटलाच्या मुलाला चांगली वाक्यं दिली आहेत. फार चांगली. अशी वाक्यं मिळावीत म्हणून एखाद्या नटाने...

यशवंतला अजून नाही सांगितलं.

१६ जून

यशवंत ऑफिस सुटल्यावर आला. "स्क्रिप्ट एकदा नजरेखालून घालू का?" मी म्हणालो, "टायपिंगला गेलंय रे, मुंबईला. आलं की पहिली प्रत तुझी." वर त्याच्या पाठीवर थाप. पेटीत होतं ते, त्याच्यापासून दोन हातांवर.

रंगभूमीवर इतका सहज मी कधीच बोललो नाही. त्याने विश्वास ठेवला. जाताना म्हणाला, आई रोज विचारते, तारीख ठरली का.

२१ ऑक्टोबर

इगतपुरीच्या पलीकडे शूटिंगचा दुसरा दिवस. भात पिवळं पडलंय, धुकं दहापर्यंत उठत नाही, कॅमेरामन वैतागलाय. कुसुमताईंनी आज विहिरीचा प्रसंग वाचला. मेकअप अर्धा पुसून माझ्याकडे आल्या.

"मधू, मी नुसती घागर धरून उभी राहायची?"

"तुमच्या चेहऱ्यावर क्लोजअप आहे, ताई."

"कशाचा? कौतुकाचा?"

मी हातातले कागद सरळ करत राहिलो. त्या म्हणाल्या, "महिनाभर आमच्या मागच्या आडावर जाऊन शेंदायला शिकले मी. हाताला घट्टे पडलेत." हात दाखवला नाही त्यांनी. नुसतं सांगितलं.

२२ ऑक्टोबर

कसं लिहू.

यशवंत रजा टाकून आला, आईला घेऊन. मला कळवलं नव्हतं, आश्चर्याचा धक्का द्यायचा होता त्यांना. भागाबाई पांढरी साडी नेसून आल्या होत्या. प्रॉडक्शनवाल्यांनी खुर्ची दिली, माझीच, मागे "निर्माता" लिहिलेली. शॉट तयार होता. थांबवायला हवा होता, काहीतरी कारण काढून. कॅमेरा बिघडला म्हणता आलं असतं. दिग्दर्शक माझ्याकडे बघत होता. मी होकाराची मान हलवली.

पाटलाच्या मुलाने पोहरा सोडला. पाणी काढलं. बायकांच्या घागरीत ओतलं. त्या हात जोडून उभ्या. कुसुमताईंनी हात जोडले नाहीत, म्हणून शॉट तीनदा घ्यावा लागला. तिसऱ्यांदा जोडले.

भागाबाई तिन्ही वेळा बघत होत्या. मग मला विचारलं, हळू, कुणाला ऐकू जाऊ नये असं, जणू मलाच लाज वाटू नये म्हणून, "भाऊ, हा कोन हे?"

"नायक आहे, आई."

"आमच्यात नव्हता असा कोनी." पोहऱ्याकडे बघत, "आम्हाला कोनी काढून दिलं नाय. मी काढलं व्हतं."

यशवंतने आईचा हात धरला आणि रस्त्याला लागला. जेवणाची पानं मांडली होती. मी मागून गेलो, अर्ध्या बांधापर्यंत. पुढे काय बोलणार होतो?

संध्याकाळी पुढचे शॉट घेतले. पॅकअप वेळेवर.

९ नोव्हेंबर

यशवंत घरी आला. बसला नाही. मालतीने पाट मांडला तरी नाही. मी बोलत राहिलो: तंबूचा प्रेक्षक, आबा, पुढचा पिक्चर आपण आपल्या मनासारखा करू. त्याने ऐकून घेतलं. प्रॉम्प्टर जसा दुसऱ्याचं वाक्य संपेपर्यंत थांबतो तसा.

मग म्हणाला, "कथा म्हणून माझं नाव घालू नका. एवढंच सांगायला आलो."

मी म्हणालो, "अरे, नाव असू दे. तुझा हक्क आहे."

"माझी गोष्ट नाही ती."

तो गेल्यावर माझ्या मनात पहिला विचार काय आला ते लिहितो, नाहीतर ही वही ठेवण्यात अर्थ नाही. पहिला विचार: बरं झालं, आबांनाही ते आडनाव पडद्यावरच्या पाटीवर नकोच होतं.

तो गेल्यापासून मालती कामापुरतं बोलते आहे.

१५ मार्च १९८०

चित्रपट लागला. नाशिकला दोन थिएटरं, देवळा-सटाणा बाजूला आबांचे तंबू. लोक येताहेत. विहिरीच्या प्रसंगाला टाळ्या पडतात. बाल्कनीच्या मागच्या भिंतीला टेकून ऐकल्या. आयुष्यभर ज्या आवाजाची वाट पाहिली तो आवाज. थांबून पूर्ण ऐकल्या.

पाटीवर "कथा" या शब्दापुढे माझं नाव आहे. आबा म्हणाले रिकामी जागा वाईट दिसते.

३० मार्च

सत्कार. शाल, नारळ. कुसुमताई आल्या नाहीत, तब्येतीचं कारण कळवलं. एका प्राध्यापकांनी विचारलं, हा प्रसंग तुम्हाला कसा सुचला? माइक माझ्या हातात. तिसऱ्या रांगेत नाटकमंडळीतले चौघं बसलेले, त्यांना सगळं ठाऊक.

मी म्हणालो, "लहानपणी असं काहीतरी ऐकलं होतं."

चौघांपैकी एकानेही मान वर केली नाही. घरी येऊन शाल मालतीच्या हातात द्यायला गेलो. म्हणाली, "ठेवा तिकडे."

२३ जुलै

दुपारी भागाबाईंचा निरोप. शेजारच्या बाईकडून: "मधूभाऊंना म्हनावं, येऊन जा." आठ महिन्यांत त्या गल्लीत पाय ठेवला नव्हता. वाटलं शिव्या देतील. बरं वाटलं असतं.

तसं काही नाही. बुद्धाच्या तसबिरीखाली बसल्या होत्या, जवळ यशवंतची मुलगी संगीता. दहा वर्षांची, शाळेच्या गणवेशात. शाळेने मुलांना सकाळच्या खेळाला नेलं होतं. आमचाच पिक्चर. संस्कारक्षम म्हणून.

भागाबाई म्हणाल्या, "ही मला म्हनती, आजी, तू खोटं सांगत व्हती. पानी तर त्या पाटलाच्या पोरानं काढलं. साऱ्या वर्गानं पाह्यलं." आवाजात राग नव्हता. थकवा होता. "मी किती बी सांगितलं तरी म्हनती, पिक्चरमध्ये दाखवलं ते खरं. आता तुम्हीच सांगा हिला."

मी सांगितलं. पहिल्यापासून, जसं यशवंतने वाचून दाखवलं होतं तसं, ताप, घागरी, पोहरा. माझ्या आवाजाला आपोआप चढउतार यायला लागले, ते दाबले. संगीता टक लावून ऐकत होती. संपल्यावर आजीकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"मग पिक्चरमध्ये तसं का नाही?"

देवळ्याच्या आबांचं नाव ओठांवर आलं होतं. गिळलं.

म्हणालो, "मी घाबरलो."

"कुणाला?"

भागाबाईसुद्धा माझ्याकडे बघत होत्या. त्यांनाही ऐकायचं होतं. मी शोधत होतो, खरंच शोधत होतो. मला कुणी धमकावलं नव्हतं. कुणी हात उगारला नव्हता.

बाहेर सायकल भिंतीला टेकल्याचा आवाज झाला. यशवंत. पोस्ट सुटलं होतं. दारात माझ्या चपला बघून थांबला असावा, कारण आत यायला वेळ लागला.

तो आला. मी उठलो नाही. संगीता म्हणाली, "बाबा, थांबा, हे सांगताहेत."

यशवंत दाराशीच उभा राहिला. मी परत बोलायला लागलो, चहा संपायच्या आत हो म्हणालो तिथपासून.