मी वाळूत बुडालो त्याची हकीकत

आदरणीय हेरियसमामांना त्यांचा भाचा नोव्हियस याचा, जिवंतपणी केलेला, नमस्कार.

तुम्ही खुशाल असाल तर उत्तम. मी खुशाल आहे. (पत्राच्या सुरुवातीला हे वाक्य सगळेच लिहितात आणि सगळेच न वाचता पुढे जातात. या खेपेस कृपा करून मागे फिरा आणि ते पुन्हा वाचा. मी खुशाल आहे.) तुमचा गुडघा कसा आहे? मामीचा खोकला? थोरल्या बैलाचं मोडलेलं शिंग? काल आपला मेंढपाळ स्टाटियस लोकर विकायला इकडे किनाऱ्यावर आला. मला बघून आधी त्याच्या हातातली काठी पडली, मग तो स्वतः पडला, आणि पाणी मारून उठवल्यावर त्याच्याकडून कळलं की तुम्ही सगळ्यांनी मिळून माझं उरकून टाकलंत. तीनदा नावाने हाका मारल्यात, मी ओ दिली नाही (चार दिवसांच्या वाटेवरून कशी देणार?), मग टेकडीखाली रिकामी कबर बांधलीत आणि नवव्या दिवशी मसूर आणि अंडी वाढलीत. स्टाटियस म्हणाला, मसूर जरा कच्ची राहिली होती, पण माणसं पुष्कळ जमली होती. ऐकून बरं वाटलं. तुम्ही माझ्याविषयी चार शब्द बोललात आणि त्यात "कष्टाळू" हा शब्द होता, असंही तो म्हणाला. मामा, मी अकराव्या वर्षापासून तुमच्या शेतात राबलो. तो शब्द माझ्या वाट्याला यायला मला मरावं लागलं. राग नाही, नुसतं लिहून ठेवतो.

आता मी मेलो कसा, ते सांगतो. सिसिलीवरून आपलं कार्थेजवाल्यांशी वाजलं आहे, हे तुम्हाला ठाऊक आहे. ती माणसं म्हणे चालायच्या आधी वल्हवायला शिकतात. आपल्याकडे जहाजंच नव्हती. मग वर कोणाच्या तरी डोक्यात आलं की दोन महिन्यांत शंभर जहाजं बांधायची. तिकडे सुतार ओल्या लाकडाशी झटत असताना इकडे हजारो वल्हेकरी रिकामे बसून लापशी खाणार, हे वरच्यांना बघवेना. जहाज नाही तर नाही, बाकं तर आहेत, असं म्हणून त्यांनी वाळूवर बाकं मांडली, जहाजात असतात तशीच, ओळीने आणि एकावर एक. त्यांवर आम्हाला बसवलं, हातात लांब दांडे दिले, आणि निकॉन नावाचा नेआपोलिसचा एक ग्रीक मधे उभा राहून ताल द्यायला लागला. तो ओरडला की सगळ्यांनी मागे रेलायचं, पुन्हा ओरडला की पुढे झुकायचं. समुद्र शंभर पावलांवर. त्याच्याकडे बघायचीही बंदी, कारण ताल चुकतो. तिसऱ्या दिवशी मला बोट लागली. (वाळूवर. हसू नका, आणखी चौघांना लागली.) बाजूच्या कोळीवाड्यातली एक म्हातारी रोज तळलेले मासे घेऊन येते आणि विचारते, "काय रे पोरांनो, कुठवर आलात?" आणि संध्याकाळी टोपली उचलताना, "अजून इथंच? वारा उलटा आहे वाटतं!"

पण तुम्हाला सांगायला हरकत नाही, की मी त्या बाकांवर नाव काढलं. तुमचा नांगर इतकी वर्षं धरल्यामुळे पाठ आणि ताल दोन्ही पक्के आहेत. आमच्या वल्ह्याला दोन माणसं: मी आणि त्रेबियस नावाचा एक कुंभार. त्रेबियसला ताल म्हणजे काय ते आजतागायत कळलेलं नाही. तो निकॉनचं ऐकतच नाही, माझ्या खांद्याकडे बघतो आणि खांदा हलला की हलतो. पहिल्याच दिवशी मला म्हणाला, "तू आजारी पडू नकोस हां. मी मरेन." मला त्याची फार माया लागली आहे.

शिस्त अशी, की बाकाच्या बाहेर समुद्र आहे असंच धरून चालायचं. परवानगी न घेता कोणी पाय खाली ठेवला की निकॉन ओरडतो, "बुडाला!" आणि बुडालेल्याने वाळूच्या टेकाडाकडे तोंड करून संध्याकाळपर्यंत बसायचं आणि अर्धी लापशी खायची. वीस दिवसांत मी एकदाही बुडालो नव्हतो. एकविसाव्या दिवशी कोळीवाड्यातली एक शेळी आली आणि वेत्तियाने निघताना दिलेल्या चीजचा उरलेला गोळा माझ्या पिशवीतून ओढून चालती झाली. बायकोने हाताने केलेलं चीज, मामा. मी रोज नखाएवढं खात होतो. मी उठलो आणि थेट भर समुद्रात धावलो. (चीज मिळालं नाही. शेळी पोहण्यात माझ्यापेक्षा सरस निघाली.)

नेमका त्याच सकाळी फाबेरियस नावाचा नवा कारकून छावणीत रुजू झाला होता. मनाने सरळ, अक्षर वळणदार, आणि शिस्तीबद्दल कोणी त्याला काही सांगितलं नव्हतं. ओरडा ऐकून तो आला आणि त्याने विचारलं की कोण. नोव्हियस, आमच्या लोकांनी सांगितलं. काय झालं? बुडाला. कोणी पाहिलं? सगळ्यांनी. आता यात खोटं कोण बोललं? कोणीही नाही. त्याने लिहून घेतलं, आणि दुपारच्या घोडेस्वाराबरोबर माझी बातमी तुमच्याकडे आणि नाव रोमकडे गेलं.

मला हे कळलं ते दुसऱ्या दिवशी सकाळी, लापशीच्या रांगेत. वाढप्या म्हणाला की मेलेल्यांना लापशी नाही. मी तडक फाबेरियसकडे गेलो. तो मला बसा म्हणाला, म्हणजे सभ्य माणूस आहे. मी म्हटलं, "अहो, मी तुमच्यासमोर उभा आहे!"

"दिसताय ना," तो म्हणाला, "पण यादीत तुम्ही आडवे आहात."

"मग यादी दुरुस्त करा."

"ती रोमला गेली. आणि मी तुम्हाला ओळखत नाही. उद्या कोणीही येईल आणि म्हणेल, मी अमका आहे, मला लापशी द्या."

शेवटी त्याने तोड काढली. ज्या कर्त्या माणसाने घरी माझे अंत्यविधी केले, त्यानेच आपल्या शिक्क्यानिशी लिहून द्यायचं की भाचा जिवंत आहे. तोवर मी ना मेलेला, ना जिवंत. बाकावरची माझी जागा रिकामी राहील, कारण वाद चालू असताना तिथे दुसरा माणूस बसवता येत नाही. तेव्हापासून बावीस दिवस मी वाळूवर बसून इतरांचं वल्हवणं बघतो. माझ्या ओळीतले सगळे आपापल्या वाडग्यातून चमचा-चमचा लापशी मला देतात, त्रेबियस तर अर्धी देतो, आणि खरं सांगायचं तर एवढं मी जिवंत असताना कधी जेवलो नव्हतो.

तेव्हा मामा, आपली साक्ष शिक्क्यासह पाठवावी, म्हणजे मला माझ्या जागी बसून कार्थेजवाल्यांना धडा शिकवता येईल. रोमची हाक आहे, मी ती कशी टाळू? मामींना नमस्कार, बैलाला थाप.

तुमचा आज्ञाधारक,
नोव्हियस

ता. क. मेणाच्या पाटीवर जागा उरली म्हणून लिहितो. साक्ष पाठवायची तशी घाई नाही. जहाजं अमावास्येला सिसिलीकडे निघणार आहेत. तुमचा गुडघा दुखतो, आणि शिक्का तुम्ही नेहमी कुठेतरी ठेवून विसरता. (विसरला असाल तर फार शोधू नका.) साक्ष अमावास्येनंतर पोचली, तर मी जिवंत ठरेन खरा, पण जहाज गेलेलं असेल, आणि मग मला घरी धाडण्यावाचून फाबेरियसला गत्यंतर राहणार नाही. सगळं नियमात बसतं. एवढंच सुचवतो.

दुसरा ता. क. स्टाटियसची लोकर अजून खपली नाही, त्यामुळे पत्र इथेच आहे. काल लिहिलेलं वाचून तुम्ही म्हणाल, भाचा भ्याला. हो, भ्यालो. मला पोहता येत नाही. आपल्या गावात सगळ्यात खोल पाणी म्हणजे गुरांची डोणी, आणि मी लहानपणी तिच्यातसुद्धा एकदा गटांगळ्या खाल्ल्या होत्या, तुम्हीच बाहेर काढलंत. रोमने मला हाक वगैरे मारलेली नाही. माझ्या नावाची चिठ्ठी निघाली, एवढंच. मला घरी यायचं आहे, मामा. शिक्का सापडू देऊ नका.

तिसरा ता. क. स्टाटियस आता निघतोच आहे. आज सकाळी आमचं जहाज पहिल्यांदा पाण्यात उतरवलं. मी म्हातारीच्या टोपलीशेजारी उभा राहून बघत होतो. सगळी वल्ही एकदम उठत होती, एक सोडून. ते एक मागून, एकट्याने, वेडंवाकडं उठत होतं, आणि प्रत्येक वेळी शेजारच्या वल्ह्यावर आदळत होतं. दुपारी परत आले तेव्हा त्रेबियसचे दोन्ही तळवे सोलून निघाले होते. मनगटांत वाडगा धरून त्याने रोजच्यासारखी अर्धी लापशी माझ्यापुढे केली, आणि म्हणाला, "पाणी ओलं असतं रे. बाकी सगळं वाळूसारखंच आहे."

मामा, शिक्का शोधा. मामीला विचारा, तिला माहीत असतं. स्टाटियसला भाकरी खाऊ घाला आणि आल्या पावली माघारी पिटाळा. अमावास्येला अकरा दिवस आहेत, तो आठ दिवसांत जाऊन येऊ शकतो. भीती आहेच. ती राहू दे.

आणि घरात एक काम करून ठेवा. मेल्याची बातमी आलेला माणूस परतला तर त्याला दारातून आत घेत नाहीत, छपरातून उतरवतात, ही आपली रीत आहे आणि तुम्ही ती कोणासाठी मोडणार नाही, माझ्यासाठी तर नाहीच. तेव्हा माझ्या घरावरची चार कौलं सैल करून ठेवा. (चुलीच्या वरची नकोत.) स्टाटियस सांगतो, वेत्तिया मसुरीच्या जेवणाला बसली नाही, कबरीकडेही फिरकली नाही, आणि अजून रोज उंबऱ्यावर बसून वाटेकडे बघते. तिला म्हणावं, वाटेकडे बघू नकोस. वर बघ.