पुदु आरूच्या काठची शमी

२ सप्टेंबर १९९४

कृष्णवेणी म्हणते ती बाभूळ आहे. मी म्हणते नाही! पान बघा त्याचं — कोयत्यासारखं वाकडं, जाड, एकसंध. काटा औषधालासुद्धा नाही. बिनकाट्याची बाभूळ म्हणजे बिनतोंडाची सासू!

(हे लिहिताना कृष्णवेणी हसली. म्हटलं, हसलीस तेही लिही. मला अक्षर येत नाही. सुनेला येतं — हिंदीच्या परीक्षा दिल्या होत्या तिने, लिपी तीच; त्या आता माझ्या कामी आल्या. तिच्याबद्दल वाईट सांगायची सोय राहिली नाही, तेवढीच अडचण.)

झाड तिच्या शाळेच्या आवारात आहे. ऑस्ट्रेलियातून आलेलं, सरकारने फुकट वाटलेलं. विज्ञान शिकवते ना, म्हणून झाडंही तिच्याच वर्गात बसतात असं तिला वाटतं. मी तंजावुराजवळच्या ओरत्तनाडू गावची! आमचे आप्पा बैलगाड्या बांधायचे. चाकाचा मधला तुंबा काळ्या बाभळीचा, दुसऱ्या कशाचा म्हणून नाही. मुलांना पाटी दिली, मला साल सोलायला सुरी दिली. इकडे काळ्या बाभळीला करुवेलम म्हणतात. अंधारात हात लावून सांगेन. आणि ही मला बाभूळ शिकवते!

५ सप्टेंबर

हरले.

कृष्णवेणीने त्या झाडाचं नुकतं उगवलेलं रोप कुंडीतून आणून पुढ्यात ठेवलं. खालची दोन-तीन पानं अगदी बाभळीची — बारीक, पिसासारखी. त्याच्या वरच्या पानाचा देठ जरा चपटा. त्याच्या वर आणखी चपटा. शेंड्याला नुसता देठच, कोयत्यासारखा! "आई, हे पान नाहीच. देठच पान होऊन बसलाय."

बाभूळच ती. मोठेपणी वेष पालटते. माझ्या पाहण्यात अशी माणसं आहेत, झाड पहिलंच.

लेकाला, रघुरामला, यातलं काही सांगायचं नाही असं सुनेला बजावलंय.

९ सप्टेंबर

गणपती. मोदक वाफेवर असताना बोलू नये, फुटतात. रघुराम बोलला. फुटले.

१३ सप्टेंबर

प्रतापसिंह भावजी आले. टोपी, गंध, काठी — म्हणजे काम होतं. एरवी नुसती काठी असते.

जानेवारीत गावात तमिळ परिषद भरणार, देशोदेशीचे पाहुणे येणार, म्हणून जिकडेतिकडे रस्ते रुंद करतायत. पुदु आरूच्या काठचा रस्ताही रुंद होणार. (पुदु आरू म्हणजे नवी नदी. आहे कालवा. माझ्या जन्माच्या सुमाराचा, तरी नवा! मला कुणी नवी म्हणत नाही.) त्या रस्त्याच्या कडेला आपली शमी उभी आहे.

आपली म्हणजे राजवाड्याच्या गल्ल्यांतल्या आपल्या मराठी घरांची. दसऱ्याला दुपारी सगळे पुरुष शिवेबाहेर जातात, शमीची पूजा करतात, तिची पानं ओरबाडून सोनं म्हणून घरी आणतात. बायकांनी जायचं नाही. आम्ही दारात आरती घेऊन उभ्या. लग्न होऊन आले तेव्हापासून उभी आहे.

भावजी म्हणाले, रस्त्याच्या कामावरच्या इंजिनियरीणबाईंना भेटून आलो. बाई चांगल्या आहेत. म्हणाल्या, खरोखर पूजेची शमी असेल तर झाड वाचवते, रस्ता पलीकडच्या अंगाला वळवते. पण तसं लिहायचं तर झाडाची खात्री हवी.

"मग मी म्हटलं, आमच्या वहिनींना आणतो. तंजावुरात झाडातलं त्यांच्याइतकं कुणाला कळतं?"

"जन्मभर मला उंबऱ्याच्या आत ठेवलंत आणि आता साक्षीला नेताय होय?"

"वहिनी, तुम्ही फक्त हो म्हणायचं."

पलीकडच्या अंगाला काय आहे, विचारलं. "काही नाही हो. एक इडलीचं छप्पर आहे. उचलतील."

१६ सप्टेंबर

बघून आले.

रिक्षातून उतरले, तेव्हा भावजींनी आधी चपला काढायला लावल्या. काढल्या. झाडाच्या बुंध्याला हळदीकुंकू, जुनी दोरी, शेंदूर. मी शेंदराच्या वर हात लावला. साल फिकट, पिवळट पांढरी. शमीची साल करडी असते, भेगाळलेली. तिथेच मनात पाल चुकचुकली.

मग फांदी वाकवून घेतली. शमीचा काटा एकेकटा असतो, बारीक, फांदीवर मध्येच कुठेही फुटतो. बाभळीचे काटे जोडीने, पानाच्या बुडाशी — नवराबायकोसारखे, एकाच जागी उभे आणि तोंडं दोन दिशांना. हे जोडीचे होते! शेंड्याला कळ्यांचे घोस होते. गोल मण्यांसारख्या कळ्या. शमीचा फुलोरा असा नसतो, उंदराच्या शेपटीसारखा लांबट असतो.

पांढरी बाभूळ. वेळ्वेलम! आणि इकडचे लोक तिला आणखी एका नावाने ओळखतात — सारायमरम. सारायम म्हणजे गावठी दारू. तिची साल दारूच्या भट्टीत घालतात. सगळे टोपीवाले दरसाल सोवळ्याने येऊन दारूच्या झाडाला प्रदक्षिणा घालतायत!

हसू दाबताना पदर दातात धरला. भावजींना वाटलं मला गहिवरून आलं.

हे झालं कसं, तेही मला रिक्षातच उमगलं. बावन्न सालच्या वादळात शमी पडली असणार. पुढल्या दसऱ्याला पुरुष गेले, आसपास काट्याचं, बारीक पानाचं एक झाड उभं दिसलं, तीच आपली म्हणून हळद लावून मोकळे झाले. घरी आमच्या हातात यायची ती नुसती पानं. पानावरून ही झाडं ओळखता येत नाहीत, सगळ्यांची सारखीच दिसतात. काटा, साल, फूल हातात यावं लागतं. आणि ते बघणारी घरात आरती घेऊन उभी!

भावजींना मात्र "फूल उमललं की नक्की सांगते," म्हटलं.

त्या इडलीच्या छपरातून एक बाई कॉफी घेऊन आली. अंबुजा नाव. झाडाखाली बसूनच प्यायले. चांगली कॉफी करते, चिकोरी कमी. नवरा तिरुप्पूरला बनियनच्या कारखान्यात गेला तो तिथलाच झाला. दोन मुली शाळेत. "पाट्टी, साखर बास ना?" म्हणाली. पाट्टी म्हणजे आजी. मला तिच्या तोंडाकडे बघवेना.

२० सप्टेंबर

रघुराम म्हणतो, "आई, हो म्हणायला तुझं काय जातं?"

माझं काही जात नाही. हो म्हटलं तर अंबुजाचं छप्पर जातं. नाही म्हटलं तर झाड जातं. मधे मी.

कृष्णवेणीने विचारलं, एवढा फरक असतो का हो या झाडांत? सगळी काटेरीच ना? तिला म्हटलं, तुझ्या माहेरची सगळी माणसं नाकेलीच ना? मग वेगवेगळ्या हाका का मारतेस? काळी बाभूळ ओलीत राहते, तिच्या शेंगा मण्यांच्या माळेसारख्या, फूल हळदीच्या गोळीसारखं. पांढरीची शेंग सपाट, शेळ्या तिच्यावर जीव टाकतात. रामेश्वरच्या वाटेवर कुडैवेलम बघितली होती — वरून छत्रीसारखी सपाट, शेंगा गुंडाळलेल्या, आणि काटे दोन तऱ्हांचे, एक सरळ नि एक आकड्यासारखा. एकाने टोचायचं, दुसऱ्याने धरून ठेवायचं. रस्तोरस्ती माजलेली सीमैकरुवेलम, म्हणजे विलायती बाभूळ, ती तर बाभूळसुद्धा नाही, नाव तेवढं चोरलंय. ती निघते शमीच्या गोतातली! फुलोरा बघ, शेपटीसारखा आहे की नाही. म्हणजे जिला सगळे शिव्या देतात ती शमीची बहीण, आणि जिची पूजा करतात ती कुणीच नाही.

कृष्णवेणी म्हणाली, हे मी वर्गात सांगू का? सांग. सासूने सांगितलं म्हणून सांग.

२७ सप्टेंबर

भावजींनी दोनदा निरोप पाठवला. फुलं अजून मिटलेली आहेत म्हणून कळवलं.

कृष्णवेणी म्हणते, "आई, उमललीत. बसमधून दिसतात." हे लिहू नको म्हटलं. तिने लिहिलं!

३ ऑक्टोबर

आज भावजी टोपीशिवाय आले. ओसरीवर बसले. पाणी मागितलं.

"वहिनी, आपली पोरं मद्रासला, बंगळूरला. दिवाळीला येत नाहीत, पोंगलला येत नाहीत. दसऱ्याच्या त्या एका दुपारी येतात. झाडाखाली उभे राहतात, एकमेकांना मराठीत हाका मारतात. मोडकंतोडकं बोलतात, पण बोलतात. झाड गेलं तर बोलवायचं कुठे? माझ्या घरी? तिथे दहा माणसं मावत नाहीत."

थट्टा जिभेवर आली होती, ती गिळून मी तांब्या पुन्हा भरून दिला. तसं पाहिलं तर सगळं खरंच बोलत होते.

ते गेल्यावर पडून राहिले. भावजींना झाड हवं, पण त्यांना दुसरं झाड मिळेल. वल्लम गावाच्या बाजूला खरी शमी असेल, मी स्वतः शोधून देईन, काटा दाखवून देईन. अंबुजाला रस्त्यावर दुसरी जागा कोण देणार?

ठरलं. आता कुणाला काही विचारायचं नाही. मला माहीत आहे ना? मग झालं!

८ ऑक्टोबर

सांगून टाकलं.

आपल्या घरांतले सगळे टोपीवाले आले होते. नवरात्र म्हणून धुतलेली धोतरं. इंजिनियरीणबाई छत्री धरून उभ्या. पोरगीच आहे, पण नजर सरळ. म्हणाली, "पाट्टी, ही वन्नी का?" इकडे शमीला वन्नी म्हणतात.

मी फांदी खाली ओढली. फुलं फिकट, पिवळसर पांढरी, गोल गोल, घोसच्या घोस. मधमाश्या घोंगावत होत्या.

"नाही. ही वन्नी नव्हे. वेळ्वेलम. काटे बघ, जोडीने आहेत. फूल बघ, गोल आहे. साल बघ, फिकट आहे. वन्नीची करडी, भेगाळलेली असते."

भावजी म्हणाले, "वहिनी!"

"सारायमरम आहे, भावजी. इतकी वर्षं पूजा केलीत, एकदा तरी चव बघायची होती."

मागे एकजण हसला. भावजी हसले नाहीत. थट्टा तिथे नको होती, जीभ आवरायला हवी होती. पण झाडाचं नाव मी बरोबर सांगितलं. बाईंनी लिहून घेतलं. रघुराम रिक्षात पुढे, चालकाशेजारी जाऊन बसला. कृष्णवेणीने माझा हात धरला आणि सोडला.

अंबुजा छपरात इडल्या काढत होती. तिने मान वर करून बघितली. मी तिला मानेनेच सांगितलं — काळजी करू नको!

१० ऑक्टोबर

झाडावर तांबड्या रंगाचा आकडा आला, रघुराम बघून आला. दसऱ्याआधीच तोडणार म्हणतात.

भावजींच्या घरून यंदा कोलू, म्हणजे नवरात्रात मांडलेल्या बाहुल्या, बघायला कुणी आलं नाही. दरवर्षी जावेच्या सुना बाहुल्यांपुढे बसून गाणी म्हणतात. मी हरभऱ्याची उसळ, सुंडल, करून ठेवलं होतं, ते शेजारी वाटलं. मीठ बरोबर पडलं होतं.

मी केलं ते बरोबरच. परत विचारलं तरी तेच सांगेन. एका बाईची चूल राहिली, बास.

१२ ऑक्टोबर

अंबुजाचं छप्पर नाही!

वल्लमला शमी शोधायला निघाले होते, पुदु आरूवरून रिक्षा गेली तेव्हा दिसलं. जागा मोकळी, नुसते खड्डे. रिक्षा थांबवली. झाड उभं. तांबड्या आकड्यावर चुना फासलेला. आणि झाडाच्या अलीकडे, कालव्याच्या बाजूला, अंबुजा बांबू रोवतेय.

"कुणी मोडलं ग?"

"मीच, पाट्टी. तुम्ही सगळे गेलात ना, त्याच दिवशी मागोमाग कचेरीत जाऊन बाईंना सांगितलं. रस्ता माझ्या छपराच्या जागेवरून न्या, झाड ठेवा. लिहून अंगठा दिला. सावली गेली तर उन्हात उभं राहून माझी इडली कोण खाणार? वन्नी का वेलम ते तुम्ही बघा. मला तर कुणी विचारायलासुद्धा आलं नाही."

मी कॉफी मागितली.

"अजून चूल मांडायचीय. बसा सावलीत."

बसले.